मध्यरात्री तुटणारी कमान

तारांगणाच्या घुमटासाठी आमच्याकडे जे पट तयार होतात, त्यांतलं आकाशाचं गणित माझ्याकडे असतं. या वेळच्या संहितेतला ग्रह काल्पनिक होता. पृथ्वीएवढा, त्रिज्या ६४०० किमी, भोवती शनीसारखं कडं, सूर्य आपल्यासारखाच आणि तितक्याच अंतरावर. रात्रीच्या आकाशात वर्षभर अखंड उजळ कमान दिसते, पण वर्षातून एका रात्री ती मधोमध तुटते आणि का तुटते ते तिथल्या कुणालाच उमगत नाही, असा कथेचा गाभा. अ‍ॅनिमेशनच्या मुलांनी कमान काढून तिच्या माथ्यावर काळा तुकडा ठेवला होता. चाचणीच्या घुमटावर ते देखणं दिसत होतं, पण अशी कमान कुठल्याच ग्रहावर दिसणार नाही. तिची भूमिती दुरुस्त करता करता त्या दिवशी अख्खी कथाच उलटी झाली.

आधी कड्याची मापं ठरवली: आतली कडा ग्रहाच्या त्रिज्येच्या १.३ पट, बाहेरची २.२ पट. शनीचं मुख्य कडंही साधारण २.२७ पटींवर संपतं. त्याच्या फार पलीकडे गेलं तर तुकडे एकत्र येऊन चंद्र घडू लागतात, म्हणून मोठं कडं हवं असा हट्ट इथे चालत नाही. निरीक्षकाचा अक्षांश १९ उत्तर, म्हणजे मुंबईचा. कडेची त्रिज्या (ग्रहाच्या त्रिज्येच्या पटीत) गुणिले अक्षांशाचा कोसाइन, त्यातून १ वजा करायचा. खाली त्रिज्या गुणिले अक्षांशाचा साइन. हा भागाकार म्हणजे दक्षिण दिशेला त्या कडेच्या उंचीचा टॅन. आतली कडा २८ अंशांवर येते, बाहेरची ५६ अंशांवर. माथ्याशी कमान २८ अंश रुंद, पण क्षितिजाला टेकते तिथे जेमतेम १४ अंश. मुलांनी ती सगळीकडे सारख्याच रुंदीची केली होती, त्यामुळे ती कड्यासारखी न दिसता आभाळाला चिकटवलेल्या पट्टीसारखी दिसत होती. विषुववृत्तावरून हेच कडं डोक्यावरची बारीक रेघ होतं आणि ६३ अंशांच्या पलीकडे दिसतच नाही.

आता काळा तुकडा. ती ग्रहाची स्वतःची सावली. सूर्य मावळतो त्या क्षणी निरीक्षक ग्रहाच्या उजेड-अंधाराच्या सीमेवर असतो, त्यामुळे सावलीची कडा नेमकी तेव्हाच पूर्व क्षितिजाला टेकलेली असायला हवी. सह्याद्रीतल्या एखाद्या गडावरून सूर्यास्तानंतर पूर्वेकडे पाहिलं तर गुलाबी पट्ट्याखालून निळसर-करडा पट्टा वर चढताना दिसतो. तीही पृथ्वीची सावलीच, फक्त आपल्याकडे ती हवेवर पडते. आमच्या ग्रहाची सावली मग कमानीवरून पश्चिमेकडे सरकत जाते आणि सूर्योदयाला मावळते. आमच्या ग्रहाचा दिवस २० तासांचा, म्हणजे सावलीचा वेग तासाला १८ अंश. सूर्य विषुववृत्ताच्या १५ अंश उत्तरेला असताना कमानीचा माथा वरच्या कडेला अडीच तास काळा राहतो, खालच्या कडेला जवळपास साडेपाच. सावली वर निमुळती होत जाते. मध्यरात्री आतली कडा पूर्ण बुडते आणि आग्नेय-नैर्ऋत्येला बाहेरच्या भागाचे दोन उजळ खुंट तेवढे उरतात.

सावलीत गडद काळा भरणंही चूक. तिची कडा अंशभर तरी पुसट हवी, कारण सूर्य बिंदू नाही, अर्ध्या अंशाची थाळी आहे. शिवाय हवेतून वाकून आलेला तांबूस उजेड आत पसरतो, खग्रास चंद्रग्रहणात चंद्रावर पसरतो तसाच.

ब्लेंडर या त्रिमितीय अ‍ॅनिमेशनच्या सॉफ्टवेअरमध्ये आणखी एक अडचण निघाली. ग्रहाचा गोळा ६४ सपाट फाळ्या जोडून केलेला होता. कॅमेरा पूर्ण त्रिज्येवर ठेवला की सपाट फाळीच्या मध्यावर तो जमिनीपासून सातेक किमी वर तरंगतो आणि क्षितिज दीडेक अंश खाली घसरतं. ४०९६ पिक्सेलच्या घुमटचित्रात एक अंश म्हणजे जवळपास २३ पिक्सेल, त्यामुळे कमानीचे पाय भलतीकडे टेकतात. आम्ही सावली पाडणारा गोळा कॅमेऱ्यापुरता अदृश्य केला, जमीन वेगळी बसवली आणि कॅमेरा मूळ, म्हणजे शून्य, बिंदूवर आणला. दूरच्या आकड्यांत दशांश कापले जाऊन येणारी थरथरही त्याने थांबली.

एवढं झाल्यावर वर्षभराच्या रात्री चालवून पाहिल्या. उन्हाळी अर्धवर्षात कमान बहुतेक रात्री तुटत होती! मी दिग्दर्शिकाबाईंना म्हटलं, "बाई, तुटणं ही इथली रोजची गोष्ट आहे. नवल ती न तुटण्याचं."

कारण सरळ आहे. सूर्य जितका उत्तरेला, तितकी सावली कड्याच्या पातळीखाली तिरकी उतरते. १ भागिले सूर्याच्या क्रांतीचा (विषुववृत्तापासून तो किती अंश उत्तरेला त्याचा) साइन, एवढ्या त्रिज्येपर्यंतच ती कड्यावर पोचते. २७ अंशांच्या पुढे ही मर्यादा २.२ पटींच्या आत येते. ग्रहाचा अक्ष ३० अंश कललेला होता, म्हणून ऐन उन्हाळ्यात सावली २ पटींवरच संपते आणि वरच्या कडेला अडीच अंशांची, चंद्राच्या पाचपट रुंदीची पट्टी मध्यरात्रीही सलग उजळलेली राहते. वर्ष ४०० दिवसांचं धरलं होतं, त्यातल्या सुमारे ५५ रात्री अशा. बाईंनी तिथल्या तिथे संहिता फिरवली: गावकऱ्यांना तुटण्याचं भय नाही, ती अखंड राहू लागली की ते जमतात. मला हे मूळ कल्पनेपेक्षा कितीतरी समृद्ध वाटतं, कारण प्रेक्षकाने नीट पाहिलं तर कोडं त्याला स्वतःला सोडवता येतं.

उजेडाचा प्रश्न शेवटपर्यंत छळत राहिला. सूर्याच्या इतक्या जवळ बर्फाचं कडं टिकत नाही, म्हणून ते खडकाचं, करड्या-तपकिरी रंगाचं केलं. तरीही क्षेत्रफळ पौर्णिमेच्या चंद्राच्या हजारो पट, त्यामुळे संध्याकाळी आणि पहाटे तारे जवळजवळ नाहीतच, ते मध्यरात्रीच्या काळोखातच उमटतात. घुमटावर उजळ भागाचा प्रकाश समोरच्या बाजूवर उसळून तारे धुऊन काढतो, म्हणून कमान हिशेबाने येते त्यापेक्षा मंद ठेवावी लागली.

हिवाळ्यासाठी वेगळा प्रसंग लागेल: तेव्हा कड्याची अंधारी बाजू आपल्याकडे येते आणि ऐन हिवाळ्यात दुपारचा सूर्य ४१ अंशांवर, थेट कड्याच्या आड जातो. विषुवदिनी तर सूर्य कड्याच्याच पातळीत येतो आणि दोन्ही बाजू काळवंडतात. ऑगस्ट २००९ मध्ये कॅसिनी यानाने शनीची अशीच मंदावलेली कडी टिपली होती. त्या फ्रेमसाठी ग्रहावरून परतणारा उजेड मोजून घालायचा आहे, ते काम अजून चालू आहे.