ॲन्व्हालिदमधली लाल विजार

पॅरिसला ॲन्व्हालिदमध्ये लोक जातात ते नेपोलियनची समाधी बघायला. आम्हीही आधी तिकडेच गेलो. पण माझा पाय अडला तो तिथल्याच लष्करी संग्रहालयात, पहिल्या महायुद्धाच्या दालनात, एका लाल विजारीपाशी.

वर निळा लांब कोट, चालताना पायांत येऊ नयेत म्हणून त्याची पुढची टोकं मागे वळवून अडकवलेली. खाली जाड लोकरीची तांबडीलाल विजार. 1914 च्या ऑगस्टमध्ये फ्रेंच पायदळ याच कपड्यांत मशिनगनसमोर गेलं. तेव्हा इंग्रज आपल्याकडून उचललेल्या खाकीत होते, जर्मन करड्या रंगात. 22 ऑगस्टच्या एका दिवसात सुमारे 27,000 फ्रेंच सैनिक गेले. सगळा दोष विजारीचा नव्हे, उघड्या रानातून चढाई करायला लावणाऱ्यांचा जास्त. तरी लांबून दिसणारा तो लाल रंग डोळ्यांपुढून हलत नाही.

रंग बदलायचे प्रयत्न आधी झाले होते. पण ‘लाल विजार म्हणजेच फ्रान्स!’ असं माजी युद्धमंत्री एतिएन यांनी ठणकावलं होतं. गंमत नव्हे, हळहळ वाटते ती पुढच्या गोष्टीची. 1829 मध्ये ही विजार आली तेव्हा तिचा रंग गारांसच्या मुळांतून निघायचा. गारांस म्हणजे आपल्या मंजिष्ठेची सख्खी बहीण. दक्षिण फ्रान्समध्ये तिची शेती होती. मग 1869 च्या सुमारास तोच रंग कारखान्यात बनू लागला, शेती बसली, आणि 1914 पर्यंत ‘फ्रान्सचा’ लाल रंग यायचा जर्मनीतून! जुलै 1914 मध्ये निळ्या, पांढऱ्या आणि लाल धाग्यांचं नवं कापड ठरलं. लगेच युद्ध पेटलं, लाल रंग मिळेना. उरलेल्या दोन रंगांतून झाला फिकट ‘क्षितिज निळा’.

पण नवे कपडे सगळ्यांपर्यंत पोचायला वेळ लागला. फेब्रुवारी 1915 मध्ये ल्युसिआँ बेर्सो या सैनिकाकडे पातळ पांढरी विजार होती. थंडीत त्याने लोकरीची मागितली. त्याच्यापुढे दुसऱ्या सैनिकाची रक्ताने माखलेली लाल विजार टाकण्यात आली. त्याने ती घालायला नकार दिला. हुकूम मोडला म्हणून 13 फेब्रुवारीला त्याच्याच सैन्याने त्याला गोळ्या घातल्या. निर्दोष ठरला 1922 मध्ये.

काचेतली ही विजार अगदी स्वच्छ आहे. मी तिथे बराच वेळ उभी होते.