फ्लॉवर-नवलकोल, रविवार चौथा: एकदाचं पाणी सुटलं नाही!

तर मंडळी, अपडेट. डिसेंबर लागल्यापासून दर रविवारी मी एकच भाजी करतेय आणि घरातले आता बिडाचा तवा खाली काढला की समजून जातात. पोपटीची (थंडीत मडक्यात भांबुर्ड्याचा पाला घालून शेंगा, बटाटे भाजतात ती) चव हवी होती, म्हणजे ओवा, जाडं मीठ आणि तो भाजल्याचा वास, पण ठाण्यात सोसायटीच्या खाली मडकं पेटवलं तर वॉचमन आधी येईल आणि सेक्रेटरी नंतर. बटाटा बाद कारण माझं लो कार्ब चालू आहे (१०० ग्रॅमला १७ ग्रॅमच्या आसपास कार्ब), मटारही १४ वर जातो, तो इतका गोड लागतो ते उगाच नाही. फ्लॉवरमध्ये ५ आणि त्यातले २ फायबर, नवलकोलमध्ये ६ आणि त्यातलेही निम्म्याहून जास्त फायबर, म्हणून ही जोडी जमवली.

पहिल्या रविवारी लगदा झाला. दुसऱ्या रविवारी गॅस मोठा केला तर बाहेरून काळं आणि आतून कच्चं, शिवाय सोया सॉस घालूनही वर हाताने मीठ टाकलं, नवरा दोन ग्लास पाणी प्यायला आणि काही बोलला नाही, ते जास्त लागलं. सोया सॉसच्या एका मोठ्या चमच्यातच ९०० मिलिग्रॅमच्या आसपास सोडियम असतं हो, मी लेबल नंतर वाचलं.

तिसऱ्या वेळी डोक्यात प्रकाश पडला. आपण फ्लॉवर अळ्यांसाठी हळद-मिठाच्या कोमट पाण्यात घालतो ना, मग चाळणीत पाच मिनिटं निथळला की तव्यावर. तुऱ्याच्या आत पाणी धरून राहतं ते! आणि पाणी आहे तोवर भाजीचा वरचा भाग १०० डिग्रीच्या वर जातच नाही, मग ती लाल होणार कुठून, नुसती शिजते. वरून मी सुरुवातीलाच मीठ घालत होते, म्हणजे नवलकोलनेही पाणी सोडलं.

म्हणून यावेळी जांभळी नाक्यावरून शनिवारीच भाजी आणली, रात्री धुऊन तुरे जुन्या धोतराच्या पंच्यावर पसरले, पंखा लावून ठेवला. सकाळी सासूबाई, "अगं, सांडगे घातलेस की काय?" म्हटलं आई, हातच लावू नका त्याला.

मग ४०० ग्रॅम फ्लॉवर, मोठे तुरे उभे चिरून, म्हणजे एक बाजू सपाट मिळते, आणि २०० ग्रॅम नवलकोल, सोलून बोटाएवढे तुकडे. नवलकोल कोवळाच घ्यायचा, जून झाला की त्यात सुतळीसारखे धागे असतात. तवा धुरावला की दोन चमचे तेल, ओवा तडतडला की सपाट बाजू खाली आणि मग, खरं सांगते, सगळ्यात अवघड काम म्हणजे हलवायचं नाही. आधी चर्रर्र आवाज येतो, मग तो बारीक होत जातो, कडा तपकिरी दिसायला लागतात, तेव्हाच उलटायचं. नवलकोलला फ्लॉवरपेक्षा जास्त वेळ लागतो, तो आधी टाका, एकदम टाकलात तर मी दुसऱ्या रविवारी केलं तेच होईल.

शेवटी गॅस बंद करून दोन चमचे भाजलेल्या तिळाचं जाडसर कूट, हिरवी मिरची-लसूण ठेचा, एक छोटा चमचा सोया सॉस, अर्धं लिंबू. सोया सॉस तापल्या बिडावर पटकन करपतो म्हणून तो शेवटी. तीळ आणि सोया सॉस एकत्र लागले की आपलं तिळकूट आणि चायनीजचा मधला काहीतरी वास येतो, आणि ओवा मध्येच येऊन पोपटीची आठवण करून देतो. गूळ नाहीये, सासूबाईंनी पहिल्या घासाला ओळखलं, पण दुसऱ्यांदा वाढून घेतली. दोघींमध्ये मिळून माणशी दहाएक ग्रॅम नेट कार्ब (म्हणजे फायबर वजा करून) झाले असावेत.

आता राहिला पाल्याचा प्रश्न. पनवेलकडची मावसबहीण भांबुर्ड्याचा पाला आणते म्हणालीय, तो भाजी झाली की झाकणाखाली दोन मिनिटं ठेवायचा विचार आहे. झाकणाने परत वाफेचं पाणी सुटेल का? कोणी केलंय का असं, सांगा.