पाच आठवडे, तीन सिनेमे आणि एकच कॅमेरामन

सिनेमा आवडला की आपण नट बघतो, दिग्दर्शक बघतो, डीओपीचं, म्हणजे मुख्य कॅमेरामनचं, नाव मात्र टायटल्समधे येतं आणि निघून जातं. मला आज अविनाश अरुणबद्दल लिहायचंय, कारण छोट्या बजेटच्या सिनेमातून कॅमेरामनचं करिअर कसं उभं राहू शकतं हे त्याच्या कामाकडे बघूनच मला कळलं.

२०१५ चा पावसाळा आठवा. २६ जूनला ‘किल्ला’, २४ जुलैला ‘मसान’ आणि लगेच पुढच्या शुक्रवारी अजय देवगणचा ‘दृश्यम’. कोकण, बनारस, गोवा आणि तिन्हीकडे कॅमेरा याचाच! त्यात ‘किल्ला’चं दिग्दर्शन पण त्याचंच, पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म संस्थेतून सिनेमॅटोग्राफी शिकलेल्या पोराचा पहिला सिनेमा आणि बर्लिनच्या फिल्म फेस्टिव्हलला २०१४ मधे लहान मुलांच्या ज्युरीने त्याला क्रिस्टल बेअर हा पुरस्कार दिला.

‘किल्ला’तला तो सीन घ्या, पोरं सायकली हाणत किल्ल्यावर जातात, पाऊस कोसळायला लागतो आणि सिनेमाचा छोटा नायक चिन्मय एकटाच मागे राहतो. मी कॅमेरा असिस्टंट म्हणून कोकणात भर पावसात काम केलंय त्यामुळे हे बघताना पोटात गोळाच येतो. ढगाळ उजेड मऊ असतो, चेहरे लाइट न लावताही छान दिसतात, कमी पैशात काम करणाऱ्याला ते वरदानच, पण ढग सरकला की एक्स्पोजर (कॅमेऱ्यात जाणारा उजेड) बदललं, म्हणजे आधीच्या शॉटशी मॅच होत नाही, मग सगळं युनिट छत्र्या धरून आभाळाकडे बघत उभं. एसी खोलीतून कॅमेरा बाहेर काढला की लेन्सवर वाफ धरते ती वेगळीच. आणि हिरवा रंग! चारी बाजूंनी एवढी झाडी असते की तो हिरवा उजेड माणसांच्या गालावर चढतो, चेहरे आजारी दिसायला लागतात. ‘किल्ला’त चिन्मय झालेल्या अर्चित देवधरचा चेहरा एकदाही तसा दिसत नाही, ही सोपी गोष्ट नाहीये.

पैशाचं म्हणाल तर नुसत्या इंडी, म्हणजे छोट्या स्वतंत्र सिनेमांवर मुंबईत घरभाडं भागत नाही, पेमेंट रखडतं, त्यामुळे बहुतेक डीओपी जाहिराती करतात, वेबसिरीज करतात. त्यात कमीपणा काहीच नाही असं माझं ठाम मत आहे. अविनाशनेही ‘पाताल लोक’ ही वेबसिरीज केली आणि मग ‘थ्री ऑफ अस’ घेऊन परत कोकणात गेला, यावेळी वेंगुर्ल्याला. स्मृती हरवत चाललेली शैलजा आपलं लहानपणीचं गाव बघायला येते, आणि इथेही दिग्दर्शन आणि कॅमेरा दोन्ही त्याच्याकडे. शैलजा झालेल्या शेफाली शाहचा चेहरा तो किती वेळ नुसता बघू देतो, घाई नाही, उगाच कट नाही.

कॅमेरा शिकणाऱ्या पोरांनी ‘किल्ला’ आणि ‘थ्री ऑफ अस’ लागोपाठ बघा, मोबाइलवर नको. नुसतं फ्रेममधे आभाळ कुठे किती ठेवलंय एवढंच बघितलंत तरी चालेल.