हात कामात, डोळे सगळीकडे: थेल्मा रिटर

न्यूयॉर्कच्या मेसीज या दुकानात, ख्रिसमसच्या खरेदीने मेटाकुटीला आलेली एक बाई सांताक्लॉजसमोर उभी आहे. मुलाला खेळण्यातला आगीचा बंब हवा आहे, तिने तो गावभर धुंडाळला तरी कुठेच मिळालेला नाही, आणि हा म्हातारा मात्र मुलाला 'मिळेल हं' असे खुशाल सांगून मोकळा होतो. ती त्याच्यावर उखडते. मग तो बंब दुसऱ्या एका दुकानात मिळेल असे तो तिला सांगतो, आणि मेसीजचाच माणूस आपले गिऱ्हाईक दुसऱ्याच्या दारात धाडतो आहे हे ऐकून तिचा आपल्या कानांवर विश्वास बसत नाही. १९४७ सालच्या 'मिरॅकल ऑन थर्टी-फोर्थ स्ट्रीट'मधला हा प्रसंग एवढासाच, आणि श्रेयनामावलीत त्या बाईचे नावही नाही. थेल्मा रिटर यांचे चित्रपटातले हे पहिले काम. तेव्हा त्यांचे वय ४५ होते.

त्या ब्रुकलिनच्या, जन्म १४ फेब्रुवारी १९०२ चा. अमेरिकन अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्ट्समध्ये त्यांचे रीतसर शिक्षण झाले होते, पण ब्रुकलिनचा तो खरखरीत हेल काही जिभेवरून उतरला नाही, आणि पुढे त्यानेच त्यांना पोसले. नाटकांत बरीच वर्षे काढल्यावर, १९२७ मध्ये त्यांनी जोसेफ मोरान या नटाशी लग्न केले. मोरान पुढे अभिनय सोडून जाहिरातीच्या धंद्यात गेले, दोन मुले झाली, आणि रिटर यांनी रंगभूमी बाजूला ठेवून संसार केला. चाळीसच्या दशकात त्या रेडिओवर कामे करू लागल्या होत्या. 'मिरॅकल'चे दिग्दर्शक जॉर्ज सीटन ओळखीचे असल्याने ते चिमुकले काम मिळाले, आणि ते पाहून स्टुडिओचे प्रमुख डॅरिल झॅनक यांनी ते वाढवायला लावले.

इथून पुढे त्यांनी केलेल्या भूमिकांकडे पाहिले, तर त्यांतल्या बहुतेक बायका दुसऱ्याच्या घरात पगारावर वावरणाऱ्या आहेत: मोलकरीण, परिचारिका, नटीची मदतनीस. अशा बाईसमोर घरातली माणसे काहीही बोलतात, कारण ती तिथे आहे हेच त्यांच्या लक्षात येत नाही. रिटर यांनी नेमके हेच हेरले, असे मला वाटते. 'ऑल अबाउट ईव्ह'मध्ये (१९५०) मार्गो या नटीची चाहती म्हणून आलेली ईव्ह आपली करुण कहाणी सांगते तेव्हा सगळ्यांचे डोळे पाणावतात, आणि पुढे तिच्याविषयी पहिला संशय येतो तो बर्डीला, म्हणजे बेट्टी डेव्हिस यांनी साकारलेल्या मार्गोच्या मदतनीस बाईला. ही पोरगी तुम्हांला पुस्तकासारखी वाचते आहे, अशा अर्थाचे ती मालकिणीला सांगते, तेही तिच्याकडे न बघता, हातातले काम चालू ठेवून. चित्रपट निम्म्यावर आल्यानंतर मात्र ही बर्डी गायबच होते. पटकथा लिहिणाऱ्या मँकिविट्झ यांच्याविषयी पुरेपूर आदर बाळगूनही माझी ही तक्रार मी सोडायला तयार नाही.

'रिअर विंडो'मधली (१९५४) स्टेला विमा कंपनीने पाठवलेली परिचारिका आहे. प्लास्टरमध्ये पाय अडकलेल्या जेम्स स्ट्युअर्टच्या पाठीला ती औषध चोळते, आणि दुसऱ्यांच्या खिडक्यांत डोकावणाऱ्याला किती महिन्यांची शिक्षा होते ते त्याच दमात सुनावते. पण समोरच्या घरात खून झाला असावा अशी शंका एकदा मनात शिरली, की तीच सर्वांत पुढे. ती त्याच्यासाठी नाश्ता मांडते, आणि त्याने घास तोंडाशी नेला असतानाच, समोरच्या घरातल्या माणसाने बायकोचे तुकडे कुठे केले असतील याचा विचार मोठ्याने करू लागते. न्हाणीघरातल्या टबातच केले असणार, रक्त धुऊन टाकायला तेवढीच जागा. स्ट्युअर्टचा घास तसाच राहतो. रिटर हे इतक्या व्यवहारी सुरात बोलतात, की जणू डाग कशाने निघतो याचीच चर्चा चालली आहे.

१९५० ते १९६२ या काळातल्या चित्रपटांसाठी सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्री म्हणून त्यांना सहा वेळा ऑस्करचे नामांकन मिळाले, आणि सहाही वेळा बाहुली दुसरीकडे गेली. यांतले 'द मेटिंग सीझन'चे (१९५१) नामांकन मला विशेष गमतीचे वाटते. हॅम्बर्गरची टपरी गमावलेली आई मुलाकडे येते, श्रीमंत घरातली नवी सून तिला चुकून स्वयंपाकीण समजते, आणि ती मुकाट्याने स्वयंपाकीण बनून राहते. सगळा चित्रपट या बाईवर चालतो, तरी यादीत ती 'सहायक'च. मुख्य अभिनेत्रीचा मान त्यांना दिला तो रंगभूमीने: १९५८ मध्ये 'न्यू गर्ल इन टाउन' या संगीतिकेसाठी त्यांना आणि ग्वेन व्हर्डन यांना टोनी पुरस्कार विभागून मिळाला. 'पिलो टॉक', 'द मिसफिट्स', मुलावर जखडून प्रेम करणारी 'बर्डमन ऑफ अल्कात्राझ'मधली आई, अशी कामे पुढे होत राहिली. ५ फेब्रुवारी १९६९ रोजी, सदुसष्टावा वाढदिवस नऊ दिवसांवर असताना, न्यूयॉर्कमध्ये त्यांचे निधन झाले.

त्यांचे एकच काम दाखवायचे झाले, तर मी सॅम्युअल फुलर यांच्या 'पिकअप ऑन साउथ स्ट्रीट'मधली (१९५३) मो दाखवीन. मो वरवर नेकटाय विकते; खरा धंदा खबरा विकण्याचा. पर्स कशी मारली एवढे ऐकून ती पाकीटमार कोण ते ओळखते, महागाईचा हवाला देऊन पोलिसांशी भावाची घासाघीस करते, आणि मिळालेला पैसा साठवते तो स्वतःच्या थडग्यासाठी. बेवारशांच्या दफनभूमीत पुरले जाण्याची तिला एवढी धास्ती, की तिथे पुरले तर आपला जीवच जाईल, असे ती अगदी गंभीरपणे सांगते. तिने ज्याचे नाव विकले तो पाकीटमार स्किपसुद्धा तिच्यावर रागावत नाही. तिलाही पोट आहे, एवढेच म्हणतो.

एका रात्री ती दमून खोलीवर येते आणि ग्रामोफोनवर तबकडी लावते. स्किपचा ठावठिकाणा काढायला आलेला मारेकरी तिथेच आहे. पैसे मिळाले तर कुणाचाही पत्ता सांगणारी ही बाई त्याला मात्र नकार देते. मी थकले आहे, चावी संपत आलेल्या जुन्या घड्याळासारखी झाले आहे, असे ती पलंगावर पडून बोलत राहते. आवाजात ना रडणे, ना धैर्याचा आव, दिवसभर पायपीट केलेल्या बाईचा शीण तेवढा. कॅमेरा तिच्या चेहऱ्यावरून सरकत ग्रामोफोनकडे जातो, गोळीचा आवाज होतो, आणि संपलेल्या तबकडीवर सुई खरखरत राहते. बेवारस शवपेट्या घेऊन निघालेल्या नावेवर जाऊन स्किप मो हिची पेटी सोडवून आणतो.