लिडियाला घेऊन सात हजार पायऱ्या

'स्कायरिम' हा गेम 11 नोव्हेंबर 2011 ला आला. तरी आमच्या लातुरात उन्हाळ्याच्या सुट्टीत भावंडं जमली की अजून तोच इन्स्टॉल होतो. कारणं सरळ आहेत: जुन्या पीसीवर चालतो, एकदा उतरवून घेतला की नेटसाठी अडत नाही, आणि संपायचं नाव घेत नाही. यंदा औशाहून आलेल्या चुलतभावाला शेजारी बसवून व्हाइटरन शहर ते डोंगरावरचा हाय ह्रोथगार मठ हा प्रवास पायी केला. घोडा नाही, जाताना फास्ट ट्रॅव्हल (नकाशावरून थेट उडी) नाही, सोबत फक्त लिडिया, गेमने दिलेली अंगरक्षक. तिला काही होऊ द्यायचं नाही, ही भावाची अट. मागून जाणाऱ्यांच्या उपयोगी पडेल म्हणून वाटेचा हा वृत्तांत.

बहुतेक जण हा प्रवास लिडियाबरोबरच करतात, कारण गेमची रचनाच तशी आहे. व्हाइटरनबाहेरच्या पश्चिम टेहळणी बुरुजाजवळ पहिला ड्रॅगन पडतो, हाय ह्रोथगारमधले साधू, म्हणजे ग्रेबियर्ड्स, हाक मारतात, आणि व्हाइटरनचा जार्ल (शासक) बालग्रूफ तुम्हाला थेन (मानाचा सरदार) करून लिडिया हाताशी देतो. एवढं सगळं एका दमात होतं. नवा खेळाडू हातात लोखंडी तलवार, खिशात चार औषधं आणि मागे लिडिया घेऊन थेट डोंगराकडे निघतो.

निघण्याआधी एक गोष्ट पक्की समजून घ्या. तुमच्यासोबत चालत असताना लिडिया 'प्रोटेक्टेड' असते. लांडग्याने चावलं, डाकूने कुऱ्हाड घातली, तरी जीव संपत आला की ती गुडघ्यावर बसते. शत्रू बहुतेक वेळा तिला सोडून दुसऱ्याकडे वळतो आणि लढाई शमली की ती उठते. पण ती गुडघ्यावर असताना तुमचा स्वतःचा घाव लागला तर संपलं. सेराना किंवा मयॉल द लायनेससारखी 'इसेन्शिअल' पात्रं कशानेच मरत नाहीत. लिडिया त्यांतली नाही. साथीदार गेला म्हणून जे वाटेतल्या ट्रोल नावाच्या राक्षसी जनावराच्या नावाने बोटं मोडतात, त्यांतल्या निम्म्यांनी तरी त्या क्षणी आपल्या हातातून काय सुटत होतं ते आठवून बघावं, असं माझं स्पष्ट मत आहे. पुढचा सगळा सल्ला या एका गोष्टीभोवती फिरतो.

सामानाचं थोडक्यात. लिडियाचा हात एकहाती तलवार, ढाल, धनुष्य आणि जड चिलखत यांत बसलेला आहे, तेव्हा हलकं चामड्याचं चिलखत तिच्या गळ्यात मारू नका. सुरुवातीला तिच्या डोक्यावर काही नसतं. कुठल्याही डाकूचं लोखंडी शिरस्त्राण काढून तिला द्या, तिच्याकडच्यापेक्षा चांगलं असेल तर ती आपणहून घालते. ओझं वाहायची शपथ घेतल्याचं ती ज्या सुरात ऐकवते, तो सुर मनावर घेऊ नका. आग ओकणाऱ्या काठ्या मात्र तिच्या झोळीत टाकू नका. अरुंद जागेत ती काठी बाहेर काढते आणि मध्ये तुम्ही असता. तुमच्यासाठी 'हीलिंग हँड्स' हा मंत्र कुठे मिळाला तर आधी घ्या. तो स्वतःला लागू पडत नाही, समोरच्याला बरा करतो, आणि हात रोखून धरला तोवर चालू राहतो.

रस्ते दोन. एक रिव्हरवुड, हेल्गेन करत दक्षिणेकडून, बर्फातल्या खिंडीतून. दुसरा व्हाइट नदीच्या काठाने पूर्वेला, व्हॅल्थाइम टॉवर्सवरून. आम्ही दुसरा धरला. वाट उघडी आहे, लांबचं दिसतं, आणि साथीदार सोबत असताना लांबचं दिसणं फार मोलाचं.

व्हॅल्थाइमला नदीच्या दोन काठांवर दोन बुरुज आणि मध्ये उंच दगडी पूल. रस्त्यावर एक डाकूबाई आडवी येते आणि 200 मोहरा मागते. भाऊ खवळलाच. "दादा, हितंबी टोलनाका? देऊ नको, काय करायलीय ती!" पैसे दिले तर सुखाने जाता येतं, आणि पहिल्यांदाच जाणाऱ्याने ते द्यावेत. आम्ही दिले नाहीत. पण बोलणी करण्याआधी लिडियाला बरंच मागे, वळणावर उभं केलं. पीसीवर तिच्याकडे बघून 'ई' दाबून धरलं की हुकूम देता येतो: जमिनीवर बोट दाखवा, ती तिथे जाऊन थांबते. थांबायला सांगून विसरून मात्र जाऊ नका. गेममधले तीन दिवस उलटले की ती कंटाळून घरी निघते.

पुलावरचे तिरंदाज रस्त्यावरून बाणांनी टिपले, मग लिडियाला बोलावलं आणि बुरुजात तिला पुढे सोडलं. इथे नवशिके हमखास घोळ घालतात. जिना अरुंद, पुढे लिडिया, तिच्यापुढे डाकू, आणि मागून आपण तलवार फिरवतो. ती तलवार डाकूपर्यंत पोचतच नाही. जिन्यात ती पुढे असेल तर हात आवरा. मारायचंच असेल तर आधी जागा बदला.

लढाईत एखादा चुकार घाव ती पोटात घालते. लढाई नसताना बसला, तर मात्र उलटून तुमच्याच अंगावर येऊ शकते. तशी वेळ आलीच तर पळू नका आणि परत वारही करू नका. हत्यार म्यान करा. गेममध्ये म्यान करणं म्हणजे शरण जाणं, आणि बहुतेक वेळा तेवढ्यावर ती निवळते.

तिथून आयव्हरस्टेडपर्यंत सांगण्यासारखं फार नाही. रस्ता सोडू नका, राक्षसांच्या तळाजवळून शॉर्टकट मारू नका.

आयव्हरस्टेड छोटं गाव आहे. विलमिर इनमध्ये 10 मोहरांत खोली मिळते. झोप काढा, म्हणजे ऑटोसेव्हही होतो. पुलाजवळ क्लिमेक भेटेल. ग्रेबियर्ड्ससाठी शिध्याची पिशवी वर न्यायची आहे, त्याचे पाय आता थकलेत. घ्या. तसंही तिकडेच निघालात.

गावालगत श्राउड हार्थ बॅरो नावाचं थडगं आहे. भुताच्या गोष्टी ऐकून भावाचे हात शिवशिवायला लागले, पण लिडियाला घेऊन या टप्प्यावर आत शिरू नये असं मी म्हणेन. देवगिरीची अंधारी चढलेल्यांना कारण लगेच कळेल. तिथे गाइड सांगतात, की शत्रूचे सैनिक काळोखात गोंधळून एकमेकांवरच वार करायचे. नॉर्डिक थडग्यांतले बोळ अगदी तसेच आहेत. शिवाय जमिनीतल्या दाबपट्ट्या. चोरपावलांच्या कौशल्यात 40 व्या पातळीला 'लाइट फूट' मिळतं, मग तुमच्या पायाने पट्टी दबत नाही. लिडियाच्या पायाने दबते. तुम्ही ऐटीत पट्टीवरून चालत जाता, मागून ती येते, आणि भिंतीतून भाले निघतात. जायचंच झालं तर पट्टी दिसल्यावर तिला मागे थांबवा, स्वतः पार व्हा, सापळा मोकळा करा, मग बोलवा. कंटाळवाणं आहे, पण तिला नेण्याचा दुसरा मार्ग नाही.

आता पायऱ्या. सात हजार हा आकडा नावापुरता आहे, मोजायला बसलात तर हजाराच्या आतच संपतात. वाटेत दहा शिलालेख लागतात. दहाही वाचले की 'व्हॉइस ऑफ द स्काय' मिळतो आणि एक दिवस जनावरं तुमच्यावर हल्ला करत नाहीत. ऐकायला झकास, पण दहावा शिलालेख हाय ह्रोथगारच्या दारापाशी आहे. म्हणजे चढताना लांडगे आहेतच, फायदा काय तो उतरताना. तरीही वाचा, कारण दर शिलालेखापाशी थांबणं होतं आणि तेवढ्यात लिडिया गाठते. ती कड्याच्या बाजूला अडकते, दगडामागे राहते, आणि तुम्ही एकटेच पुढच्या वळणावर लांडग्यांच्या तोंडी जाता. मग ती उशिरा धावत येते ती नेमकी तुमच्या बाणाच्या रेषेत. अधूनमधून मागे वळून बघत चला.

आणि ट्रोल. अर्ध्याहून वर चढून गेलं की पायऱ्या खडकांच्या मधून वळतात, बर्फ भुरभुरत असतो, आणि वरच्या कड्यावरून तो पांढरा धूड खाली उडी मारतो. फ्रॉस्ट ट्रोल. जखमा भरून काढत राहतो, त्यामुळे कमी मार म्हणजे वाया गेलेला मार. आगीला मात्र कच्चा. 'फ्लेम्स' हा मंत्र सुरुवातीपासून तुमच्याकडे असतोच, म्हणून सगळे तोच काढतात. आणि लिडिया जाते ती याच जागी.

आम्ही वळणाच्या अलीकडे सेव्ह केलं. लिडिया ढाल पुढे धरून चढली, ट्रोल तिच्यावर आला, दोन दणक्यांत तिची रक्ताची पट्टी तळाला गेली आणि ती गुडघ्यावर बसली. माउस भावाच्या हातात होता, आग सुरू होती. "दादा, ती मरायली! जाळू का, जाळू का?" पडद्यावर दिसत होतं की आगीचा झोत ट्रोलच्या काखेखालून पुढे सरकतोय आणि त्याच्या पलीकडे, हातभर अंतरावर, लिडियाचं खाली झुकलेलं डोकं. त्याला म्हटलं, सोड बटण, आधी खाली ये. तीन-चार पायऱ्या उलट्या पावली उतरलो. ट्रोल तिला सोडून आमच्या मागे आला, वळणाच्या बाहेरच्या अंगाला. आता त्याच्या पाठीमागे नुसता खडक होता. मग जाळला. मॅजिका (मंत्रांची शक्ती) संपली की तलवार, तलवारीने दम खाल्ला की औषध, पुन्हा आग. तो पडला तेव्हा लिडिया उठून, तलवार सावरत, काहीच झालं नाही अशा थाटात खाली येत होती.

तेव्हा तिथे गेलात की आग लावण्याआधी शत्रूच्या मागे कोण आहे ते बघा. ती बसली असेल तर शत्रूला तुमच्याकडे ओढा. तो येतोच. फिरत्या कुऱ्हाडीचा जोरकस वार आणि साखळी वीज या दोन गोष्टी ती जवळ असताना वापरू नका, त्या माणूस ओळखत नाहीत.

सेव्हबद्दल वेगळं सांगतो, कारण आपल्याकडे दुपारी लाईट कधी जाईल याचा भरवसा नसतो. एफ 5 दाबून होणारा क्विकसेव्ह नेहमी त्याच जागी बसतो, जुना पुसून. म्हणजे लिडिया पडली हे लक्षात न येता गडबडीत एफ 5 दाबलात, तर तुमच्या हाती फक्त ती पडल्यानंतरचा सेव्ह उरतो. आयव्हरस्टेडला, ट्रोलच्या आधी आणि वर पोचल्यावर असे मेनूतून वेगळे सेव्ह करा. इन्व्हर्टर असेल तरी करा. आणि सगळे उपाय थकलेच, तर पीसीवर एस्केपखालच्या कळीने कन्सोल उघडतो. मृतदेहावर क्लिक करून 'रिसरेक्ट' टाइप केलं की ती उठते. मी ते वापरत नाही, पण वापरणाऱ्यावर नाक मुरडणारही नाही.

हाय ह्रोथगारच्या दारासमोर शिध्याची पेटी आहे. क्लिमेकची पिशवी तिच्यात टाका. आत ग्रेबियर्ड्सपैकी अर्नगीर तुम्हाला डरकाळी, म्हणजे शब्दांच्या जोरावरची जादू, फोडून दाखवायला सांगतो. लिडिया कुठे उभी आहे ते बघून तोंड उघडा. इथे तुमच्या 'फस' या धक्का देणाऱ्या डरकाळीच्या जोडीला 'रो' हा शब्द मिळतो आणि अंगणात 'व्हर्लविंड स्प्रिंट' ही पुढे झेपावण्याची डरकाळी शिकवतात. तो स्प्रिंट परतीच्या पायऱ्यांवर वापरायचा मोह होईल. कड्यावरून तुम्ही उडाल. ती वरच राहील. कडेला शत्रू आणि लिडिया झोंबत असतील तर 'फस रो'चा धक्का दोघांनाही बसतो.

परतताना आम्ही फास्ट ट्रॅव्हलने आयव्हरस्टेडला उतरलो. त्यात कमीपणा काही नाही, ती आपोआप सोबत येते आणि अडकत नाही. तिला रजा द्यायची असेल तर डोंगरावर देऊ नका. रजा दिलेली लिडिया व्हाइटरनला पायी चालत जाते, आणि त्या वाटेवर ती 'प्रोटेक्टेड' नसते. व्हाइटरनच्या वेशीच्या आत आणूनच निरोप द्या. अर्नगीरने पुढे उस्टेनग्राव या थडग्याकडे पाठवलं असेल, मॉर्थलच्या बाजूच्या दलदलीत. तिकडे निघण्याआधी क्लिमेककडून पिशवीचे पैसे तेवढे घ्या. तो आपणहून शोधत येत नाही.