दाखल्यावरचं नाव

स्मरणिकेसाठी काहीतरी लिही असा मेसेज आला तेव्हाच ठरवलं की पश्चिम बंगालमधल्या, बांगलादेश सीमेवरच्या कूचबिहारबद्दल लिहायचं. बीएसएफच्या (सीमा सुरक्षा दलाच्या) नोकरीत बऱ्याच ठिकाणी राहिलो, पण आपल्या शाळेतल्या मुलांना कळावं असं वाटतं ते तिथलंच.

भारत-बांगलादेश सीमा ४०९६ किलोमीटरची. आपल्याला वाटतं तारेचं कुंपण म्हणजे सीमा, पण तसं नाहीये, १९७५ मध्ये दोन्ही देशांनी ठरवलेल्या नियमांमुळे कुंपण बऱ्याच ठिकाणी सीमेपासून दीडशे यार्ड आत आहे, म्हणजे शेत भारताचं, शेतकरी भारताचा आणि मध्ये आपलंच कुंपण. गेट ठरलेल्या वेळी उघडायचं, ओळखपत्र जमा करायचं, रजिस्टरला नोंद, मग बैल घेऊन पलीकडे, आणि गेट बंद व्हायच्या आत परत. काही वस्त्या तर अख्ख्या पलीकडेच आहेत, तिथे रात्री कुणाला कळा सुरू झाल्या तर आधी गेट उघडायची धावपळ. तस्करी होते म्हणून गेट लागतं हे मी ड्युटीवर रोज बघितलंय, पण पेरणीच्या दिवसात ऊन चढायच्या आधी शेतात पोचायला न मिळणं काय असतं हे शेतकऱ्याच्या पोरालाच कळेल.

पण सगळ्यात लागलं ते छिटमहलांचं, म्हणजे एका देशाची पण दुसऱ्या देशाने वेढलेली गावं. बांगलादेशाची ५१ गावं चारी बाजूंनी भारतात आणि आपली १११ तशीच त्यांच्यात, १९४७ पासून अशीच होती. कूचबिहारमधल्या दिनहाट्याकडच्या मशालडांगासारख्या, कागदोपत्री बांगलादेशाच्या गावातल्या लोकांकडे ना इकडचे कागद ना तिकडचे, विजेची लाईन शेजारच्या गावापर्यंत यायची आणि तिथेच थांबायची. मुलाला शाळेत घालायचं तर शेजारच्या भारतीय गावातला कुणीतरी माणूस बाप म्हणून लावायचा, कधी पैसे देऊन. माझ्या वडिलांनी आपल्या शाळेत येऊन एक सही केली आणि माझं नाव हजेरीपटावर चढलं, त्यात काही विशेष आहे असं तोपर्यंत कधी वाटलंच नव्हतं. बाळंतपणाला दवाखान्यात जायचं तरी तेच, नवरा म्हणून दुसऱ्याचं नाव.

३१ जुलै २०१५ च्या मध्यरात्री दोन्ही देशांत या गावांची अदलाबदल झाली, लोकांनी ६८ वर्षांच्या ६८ मेणबत्त्या लावल्या, तिरंगा फडकवला. त्यानंतर शाळेत जाणाऱ्या पोरांना स्वतःच्या बापाचं नाव लावता आलं. जे आधीच शिकून बाहेर पडले होते त्यांच्या दाखल्यांवर मात्र जुनंच नाव होतं, आणि मतदार ओळखपत्रावर खरं, मग नोकरीचा फॉर्म भरताना दोन्ही कागद जुळेनात आणि ते दुरुस्त करायला पुन्हा ऑफिसांच्या खेपा.