गोठ्यात घडलेला ग्रह

रविवार, रात्री

लेस्टरला राहत असताना मुलासाठी आणलेल्या कॅसेटवर ‘क्लँगर्स’ ही चिमुकल्या ग्रहावर राहणाऱ्या उंदरासारख्या प्राण्यांची, मुलांसाठीची बाहुल्यांची मालिका पाहिली होती, त्यानंतर ती पार विस्मरणात गेली. आज दुपारी जुने भाग पुन्हा लावले आणि संध्याकाळ कधी झाली ते कळले नाही. माणूस चंद्रावर उतरल्यानंतर जेमतेम चार महिन्यांनी, नोव्हेंबर १९६९ मध्ये, बीबीसीवर सुरू झालेली ही मालिका ऑलिव्हर पोस्टगेट आणि पीटर फर्मिन यांनी केंटमधील ब्लीन या गावी, फर्मिन यांच्या शेतावरच्या जुन्या गोठ्यात तयार केली. पोस्टगेट गोष्टी लिहीत, बाहुल्या कणाकणाने हलवून एकेक चौकट टिपत आणि निवेदनही स्वतःच करीत. क्लँगर्सचे गुलाबी लोकरीचे अंग विणले ते फर्मिन यांच्या पत्नी जोन यांनी.

या प्राण्यांचे बोलणे म्हणजे केवळ शिट्टीचे चढउतार. पण त्यामागे पूर्ण इंग्रजी संवाद लिहिलेले असत आणि ते तसेच्या तसे सरकत्या दांड्याच्या शिट्टीवर वाजवले जात. एका प्रसंगात अडकलेल्या दारावर वैतागून मेजर क्लँगर चक्क शिवी हासडतो. संहितेतील ती ओळ वाचून बीबीसीने हरकत घेतली होती, पण शिट्टी मात्र तीच वाजली. तो प्रसंग मी आज पुन्हा लावून पाहिला, आणि खरोखरच त्या सुरात वैताग इतका स्वच्छ ऐकू येतो की शब्दांची उणीव भासत नाही. व्हर्नन एलियट यांचे संगीतही जागा अडवून बसत नाही. एखादे पात्र नुसते विचार करीत उभे असते, आणि मुलाचे लक्ष उडेल या धास्तीने कोणी तेथे गडबड भरलेली नाही. हल्लीच्या मुलांच्या कार्यक्रमांत मला नेमकी हीच धास्ती जाणवते.

याच जोडगोळीच्या १९७४ च्या ‘बॅगपस’ या मालिकेचे अवघे तेरा भाग आजही ब्रिटनमध्ये जिवापाड जपले जातात, परंतु १९६५ ची ‘द पोगल्स’ सहसा कोणाच्या बोलण्यात नसते. तीतील चेटकीण लहान मुलांना फार भीतिदायक वाटेल, असे बीबीसीचे मत पडले आणि पुढे ‘पोगल्स वुड’ ही सौम्य मालिका आली. सौम्य मालिका गोड आहे, हे मान्य; पण माझ्या मते चेटकिणीबरोबर गोष्टीतले मीठही गेले.